कोर्लईत मागे राहिलेली लुझिया

नव्या कादंबरीबद्दल बरेच जण विचारतात. लिहीत असताना मी त्याबद्दल फारसं बोलत नाही, पण आता पहिला खर्डा हातावेगळा झालाय आणि त्यातल्या काही गोष्टी मला मोकळेपणाने मांडाव्याशा वाटतात.

कादंबरी सुरू होते १७४० साली, रेवदंड्याच्या कोटात. आदल्या वर्षी, मे महिन्यात, चिमाजी अप्पांनी वसई घेतली होती. पोर्तुगीज ज्याला उत्तरेचा प्रांत म्हणत, तो दोनशे वर्षांचा मुलूख हातचा गेला. वसईच्या शिबंदीला तहाने आठ दिवसांची मुदत मिळाली, आणि ती निशाणं लावून, वाजतगाजत, बायकापोरं आणि सामानसुमान घेऊन बाहेर पडली. मग १७४० च्या तहात चौल आणि खाडीपलीकडचा कोर्लईचा किल्लाही मराठ्यांकडे आला. चौलला पोर्तुगीजांची वखार १५१६ ची, कोट, म्हणजे हाच रेवदंड्याचा, त्यानंतर पाच वर्षांनी बांधायला घेतलेला, आणि समोरच्या कोर्लईच्या डोंगरावर त्यांनी १५९४ मध्ये निजामशाहीकडून ताबा मिळवलेला. एवढा सगळा संसार आवरून ते गोव्याला निघाले.

इतिहासाची पुस्तकं इथे प्रकरण संपवतात. पोर्तुगीज गेले, भगवं निशाण लागलं. कोर्लईच्या सान दिएगो बुरुजाचा गणेश बुरूज झाला. माझी कादंबरी मात्र इथेच सुरू होते, कारण सगळे गेलेच नाहीत. किल्ल्याच्या पायथ्याशी ख्रिस्ती माणसं राहिली, त्यांनी मराठ्यांच्या आणि पुढे इंग्रजांच्या राज्यात शेती केली, मासळी वाळवली, मुलांना वाढवलं, आणि पोर्तुगीजातून घडलेली स्वतःची बोली आजपर्यंत टिकवली. गावात ती बोलणारे आज जेमतेम हजारभर असतील. ते तिला नौ लिंग म्हणतात. माझे बाबा त्यांच्यातले.

आई खाडीच्या अलीकडची, चौलची. आजोळी नारळ-सुपारीची वाडी, अंगणात तुळस, आणि वर्षातून एकदा सत्यनारायण. आईबाबांचं लग्न विशेष विवाह कायद्याखाली, नोंदणीने झालं. दोन्हीकडच्या मोठ्या माणसांनी बराच काळ तोंड फिरवलं होतं. मी झाल्यावर ते हळूहळू वळलं. त्यामुळे माझ्या सुट्ट्या दोन गावांत वाटलेल्या असायच्या. दोन्ही गावं एकमेकांना दिसतात. मधे फक्त कुंडलिकेचं मुख आहे.

आजोळी आजोबा रात्री अंगणात बाज टाकून गोष्टी सांगत. वसईची मोहीम त्यांची सगळ्यांत आवडती. सुरुंग कसे लावले, किती वेळा हल्ला परतला, अप्पा कसे इरेला पेटले. ते इतकं रंगवून सांगत की मला आमच्याच वाडीत सुरुंग उडाल्यासारखं वाटायचं. त्या गोष्टीत फिरंगी म्हणजे देवळं पाडणारे आणि माणसं बाटवणारे. आजोबा खोटं सांगत नव्हते. गोव्यात १५६० मध्ये इन्क्विझिशन, म्हणजे चर्चचं धर्मन्यायालय, बसलं आणि मधली चार वर्षं सोडली तर १८१२ पर्यंत चाललं. सासष्टीत देवळं पाडली गेली. १५५९ च्या फर्मानाने पोरक्या हिंदू मुलांना उचलून ख्रिस्ती करायची मुभा मिळाली, आणि पुढे पुढे तर आई जिवंत असली तरी बाप नसलेलं मूल पोरकं धरलं जाई. हे सगळं मी आज कागदावर वाचलंय. आजोबांना कागद माहीत नव्हते, पण गोष्टीचा गाभा खरा होता.

आठवडाभराने मी कोर्लईत असायची. तिथे बाबांची आई, माझी आजी, अंगणात सुकट पसरत असायची. नऊवारी लुगडं, गळ्यात रोझरी, आणि कमरेला खोचलेला किल्ल्यांचा जुडगा. शेजारणीशी ती आपल्या बोलीत बोलायची आणि मला बघून मराठीत यायची. तिच्या तोंडात दोन्ही भाषांची लय एकच होती, क्रियापद शेवटी, हेल कोकणी. बाहेरच्या कुणी दुरून ऐकलं असतं तर ती दिवसभर मराठीच बोलते असंच वाटलं असतं. मी एकदा तिला विचारलं, आजी, आपण फिरंगी का गं? ती सुकट चाळायची थांबली नाही. म्हणाली, "आपण हितली गो बाय. ते गेले. आपण कुठं गेलो?"

तेव्हा मी आठ-नऊ वर्षांची असेन. कादंबरी लिहायला घेतली तेव्हा मला कळलं की माझ्याकडे जे प्रश्न आहेत ते तिच्या या वाक्यांपाशीच फिरताहेत. फिरंगी गेले आणि आपण राहिलो. मग राहिलेले कोण होते? ते कशामुळे राहिले? राहायचं ठरवलं, की जहाजावर त्यांच्यासाठी जागाच नव्हती?

शाळेत चौथीत की पाचवीत वसईचा धडा होता. बाईंनी तो वाचताना वर्गातली मुलं माझ्याकडे वळून बघायला लागली, माझ्या आडनावामुळे. बाईंनी त्यांना थांबवलं नाही. मला आठवतंय, मी पुस्तकातल्या चित्राकडे बघत बसले होते. तटाला शिड्या लावून मराठे चढताहेत, वर टोप्या घातलेले गोरे. त्या चित्रात माझी आजी कुठेच नव्हती. माझे आजोबाही नव्हते खरं तर, पण त्यांना त्या शिड्यांवर चढून बसता येत होतं. आजीला तटावर उभं राहायलाही जागा नव्हती.

आडनावाबद्दल बोलायलाच हवं, कारण आमच्याकडची अर्धी स्वप्नं त्याच्यावर उभी आहेत. माझा एक चुलतभाऊ कित्येक वर्षं असं धरून चालला होता की आपला मूळपुरुष कुणी पोर्तुगीज सरदार असणार, आणि कागद सापडले तर आपल्याला पोर्तुगालचं नागरिकत्व मिळेल. गोवा, दमण, दीवच्या लोकांसाठी ती वाट आहे, पण ती १९६१ पूर्वी तिथे जन्मलेल्यांची आणि त्यांच्या वंशजांची. कोर्लई १७४० लाच पोर्तुगीजांच्या हातून गेली. हे कळल्यावर त्याने थुंकी नळीत भरून तपासणीला पाठवली, निदान रक्त तरी सांगेल म्हणून. अहवालात युरोपचं नाव जवळजवळ नव्हतंच. तो फार खिन्न झाला. मला त्याचं दुःख समजत होतं. शाळेत त्याच्याकडेही मुलांनी वळून बघितलं असणार, आणि बदल्यात त्याला काहीतरी हवं होतं.

पण बाप्तिस्म्याची रीत ज्याला माहीत आहे त्याला या अहवालाचं नवल वाटायला नको. धर्मांतर झालं की माणसाला नवं नाव मिळे, आणि आडनाव बहुतेक वेळा बाप्तिस्मा देणाऱ्या पाद्र्याचं किंवा धर्मबापाचं. एकाच दिवशी, एकाच विहिरीचं पाणी पिणाऱ्या अख्ख्या वाडीला एकच आडनाव मिळू शके. ते आडनाव कुणाच्या पोटी जन्मलो हे सांगत नाही. कुणासमोर मान वाकवली होती, एवढं कदाचित सांगतं. म्हणून आमच्या आडनावाचा अभिमानही मला धरता येत नाही आणि लाजही वाटत नाही. ते आता आमचं आहे, अडीच-तीनशे वर्षं आम्ही ते वापरून मऊ केलंय.

मग पोर्तुगीज रक्त अजिबात मिसळलं नाही का? मिसळलं, आणि कसं मिसळलं हे लिहिणंच सगळ्यांत अवघड गेलं. १५१० मध्ये गोवा घेतल्यावर पोर्तुगीज गव्हर्नर आल्बुकर्कने आपल्या शिपायांची लग्नं तिथल्या बायकांशी लावायला सुरुवात केली. त्यातल्या कितीतरी पाडाव झालेल्या, नुकत्याच बाप्तिस्मा दिलेल्या मुसलमान बायका होत्या. अशा लग्न करून स्थायिक झालेल्यांना कझाद म्हणत, आणि कोटाकोटांतून त्यांचीच वस्ती असे. पोर्तुगालमध्ये जन्मलेला वरचढ, इथे गोऱ्या आईबापांच्या पोटी जन्मलेला त्याच्या खाली, मग मिश्र, मग देशी ख्रिस्ती, आणि सगळ्यांच्या तळाशी गुलाम. जातींचा देश बघून त्यांनी आणखी एक उतरंड रचली. आणि ही झाली लग्नांची गोष्ट. कोटातल्या स्वयंपाकघरांत, माजघरांत, ज्यांचं लग्न कुणी लावलं नाही त्या बायकांच्या पोटीही मुलं झालीच.

अशा बायकांचा माग काढायला मी पणजीच्या पुराभिलेखागारात जायला लागले. हे दफ्तर फार जुनं, १५९५ सालचं. दियोगु दु कौतु हा त्याचा पहिला रखवालदार. पुढे पांडुरंग पिसुर्लेकरांनी आयुष्यभर ते लावून, वाचून ठेवलं, आणि मराठ्यांच्या इतिहासाला त्यामुळे केवढा आधार मिळाला. तिथे मोसमी जहाजांबरोबर लिस्बनहून आलेल्या आणि लिस्बनला गेलेल्या पत्रांचे जाड खंड आहेत. मला वाचायला वेळ लागतो. माझं पोर्तुगीज मोठेपणी, चाळिशीच्या आसपास शिकलेलं, आणि जुनं वळणदार हस्ताक्षर म्हणजे वेगळीच लिपी. शाई कागदाला खाऊन गेलेली असते, अक्षराच्या जागी अक्षराच्याच आकाराचं भोक. पान उलटताना कडा कपड्यांवर सांडतात. दुपारपर्यंत बोटं तपकिरी होतात.

त्या पत्रांत तोफा आहेत, दारूगोळा आहे, पगार थकल्याच्या तक्रारी आहेत, कॅप्टनांची आपसांतली भांडणं आहेत. कोणत्या फिदाल्गुने, म्हणजे पोर्तुगीज उमरावाने, कोणत्या गावचं उत्पन्न मागितलं ते आहे. बायका दिसतात त्या हुंड्याच्या निमित्ताने. पोर्तुगालहून पाठवलेल्या अनाथ मुलींशी लग्न करणाऱ्याला हुद्दा किंवा गाव आंदण मिळे, तेव्हा त्या मुलीचा उल्लेख येतो. गुलाम दिसतात ते मालमत्ता म्हणून. मोझांबिकहून आणलेले काफ्री, बंगालकडून आणलेले, कुठून कुठून आणलेले. नाव असलंच तर बाप्तिस्म्याचं. आईचं नाव नाही, गावाचं नाही, मूळ देवाचं तर नाहीच.

मी एकदा एका पानावर बराच वेळ थांबले होते. एका घरच्या वस्तूंची यादी. पलंग, पेटी, चांदीचे चमचे, आणि त्याच ओळीत, तशाच हस्ताक्षरात, दोन माणसं. लिहिणाऱ्याचा हात कुठे अडखळलेला नाही. शाईचा रंग तोच, अक्षरांची उंची तीच. मी ते पान परत केलं आणि बाहेर येऊन मांडवीच्या काठी बसले. लुझिया मला तिथे सुचली.

लुझियाची आई मोझांबिकच्या किनाऱ्यावरून आणलेली. बाप कोण ते घरात सगळ्यांना माहीत आहे आणि कुणी बोलत नाही. लुझिया रेवदंड्याच्या कोटात एका कझादाच्या घरी राबते. तिला स्वयंपाकघरातली बोली येते, मालकिणीचं पोर्तुगीज कळतं पण त्यात उत्तर द्यायची परवानगी नाही, आणि बाजारातलं मराठी ती चौलच्या कोळणींकडून शिकली आहे. सातखणी मनोऱ्याची सावली दुपारी कुठवर येते यावरून ती वेळ ओळखते. तह झाल्यावर मालक सामान बांधायला घेतात. पेट्या मोजल्या जातात. लुझियाला बरोबर न्यायचं की इथेच कुणाला विकायचं, यावर दिवाणखान्यात चर्चा चालते आणि ती दाराआड उभी राहून ऐकते. मग एका रात्री ती मचव्यातून खाडी ओलांडून कोर्लईच्या पायथ्याला जाते, आणि परत येत नाही.

एवढं सुचल्यावर मला वाटलं पुढचं सोपं जाईल. ती गुलामीतून सुटली, मराठ्यांचं राज्य आलं, आजोबांची गोष्टही खरी ठरली आणि आजीचीही. पण पेशवाईतले कागद वाचायला घेतल्यावर तसं लिहिता येईना. तिथे कुणबिणी आणि बटकी, म्हणजे गुलाम बायका, आहेत. त्यांची खरेदी-विक्री आहे, किंमत आहे, पळून गेलेल्या बटकीचा शोध आहे. लुझियासारखी एकटी, काळी, बिनबापाची बाई १७४१ मध्ये चौलच्या बाजारात फिरताना दिसली तर नव्या अंमलदाराने तिला काय समजलं असतं? मोकळी बाई? मला तसं वाटत नाही. म्हणून कादंबरीचा दुसरा भाग पहिल्यापेक्षा मोठा झाला. तिला नव्या राज्यापासूनही लपावं लागतं. आणि पायथ्याच्या ख्रिस्ती वस्तीतही तिच्या रंगावरून कुजबुज होतेच, कारण तीही माणसं आपापल्या जाती विसरून बाटलेली नव्हती.

हे लिहिल्याचा काही जणांना राग येणार आहे. एका साहित्यिक गप्पांच्या कार्यक्रमात मी या प्रकरणातला तुकडा वाचला तेव्हा एक वयस्कर गृहस्थ उठून म्हणाले, बाई, तुम्ही आपल्या विजयाला डाग लावताय. आणि नंतर चहाच्या वेळी आमच्याच समाजातल्या एक बाई जवळ येऊन हळूच म्हणाल्या, गुलामबिलाम कशाला काढायचं, लोक आपल्याला काय समजतील. दोघांचंही मी ऐकून घेतलं. मला दोघांचीही कणव येते. पण लुझियाची जास्त येते. वसईचा विजय मोठा होता, आणि मी त्या विजयाच्या गोष्टी ऐकत वाढले, त्यांच्यावर माझं प्रेम आहे. पण ज्या बाईच्या वाट्याला त्या विजयातून काही आलं नाही तिचीही नोंद कुठेतरी व्हायला हवी, आणि दफ्तराने ती केली नाही. कादंबरी ते काम करू शकते, म्हणून मी लिहिते.

वाईजवळ मेणवलीला नाना फडणीसांच्या वाड्यामागे, कृष्णेच्या घाटावर, एक पंचधातूची घंटा टांगलेली आहे. तुमच्यापैकी कितीतरी जणांनी ती वाजवली असेल. तिच्यावर १७०७ हे साल आहे आणि बाळ येशूला घेतलेल्या मेरीची उठावदार आकृती आहे. पोर्तुगीजांच्या चर्चमधल्या अशा घंटा लुटीत आल्या आणि मराठी मुलखातल्या देवळांत लागल्या. भीमाशंकरला आहे, नाशकात तर नारोशंकराची घंटा म्हणीत जाऊन बसली. मेणवलीची बघायला मी आईला घेऊन गेले होते. आईने आधी हात जोडले, मग जवळ जाऊन मेरीच्या चेहऱ्यावरून बोट फिरवलं. तिथे नाक झिजलंय. मला म्हणाली, "तुझ्या आजीला दाखवायला हवी होती गं." दोन विहिणींचं आयुष्यात कधी नीट बोलणं झालं नव्हतं, आणि आईनेही सासूशी कधी पटवून घेतलं नाही. तो प्रसंग कादंबरीत घ्यायचा मोह मला फार झाला. घेतला नाही. कादंबरी अठराव्या शतकातली आहे, आणि त्या घंटेकडे बघून सगळं जुळून आल्यासारखं वाटतं ते आपल्याला, बघणाऱ्यांना. ज्या गावातून ती उतरवून नेली तिथल्या माणसांनी त्या दिवशी काय ऐकलं असेल, ते मी लिहिलंय.

भाषेचा पेच सगळ्यांत जास्त वेळ खाऊन गेला. मराठी कादंबरीत तीन-चार भाषा बोलणारी माणसं आणायची कशी? मालकांच्या तोंडी पोर्तुगीज वाक्यं घालून खाली तळटीप द्यायची, हे मला पटेना. वाचक तळटीप वाचत बसेल आणि दिवाणखान्यातली भीती निसटून जाईल. शेवटी मी असं केलं की मालक-मालकीण छापील, नेटक्या, थोड्या ताठ मराठीत बोलतात, बखरीसारखं नव्हे, कोर्टातल्या अर्जासारखं. बाजार बोलतो तो आमच्या अलिबागकडच्या किनाऱ्याच्या बोलीत. आणि स्वयंपाकघर आजीच्या मराठीत, म्हणजे ती आपली बोली मराठीत आणताना जी वाक्यं करायची त्या वाक्यांत. आखूड, शेवटी ठाम, मधे कुठेही नको असलेला शब्द नाही. ते लिहिताना मी मोठ्याने वाचून बघायची, आणि आत्या जिवंत होती तोवर तिला फोनवर ऐकवायची. ती म्हणायची, हां, हे आपल्यासारखं लागतंय, किंवा, नाही, हे पाद्रीबाबासारखं झालं.

ही बोली टिकली कशी याचं उत्तर क्लान्सी क्लेमेंट्स या अमेरिकन भाषाशास्त्रज्ञाने वर्षानुवर्षं कोर्लईत येऊन शोधलं. शेजारचे हिंदू आणि मुसलमान वेगळ्या धर्माचे आणि जातीचे, त्यांच्याशी रोटीबेटी नाही. पोर्तुगीज बोलणारे मालक निघून गेलेले. गोव्याहून पाद्री मात्र येत राहिले, त्यामुळे चर्चपुरता धागा राहिला. या तिन्हींच्या मधे एक छोटी वस्ती आपल्या आपल्यात बोलत राहिली. मुंबई-वसईच्या बाजूला अशाच बोली होत्या. १९०६ मध्ये गोव्याचे भाषापंडित दालगादूंनी त्यांच्यावर लिहून ठेवलं तेव्हा त्या ओसरत चालल्या होत्या, पुढे गेल्याच. तिकडच्या ख्रिस्ती लोकांनी १८८७ मध्ये ईस्ट इंडियन असं नाव घेतलं, इंग्रजांच्या कचेऱ्यांत गोव्याहून आलेल्यांपेक्षा आपण वेगळे हे दाखवायला. कोर्लईला अशी कचेरी नव्हती, म्हणून असं नाव घ्यायची गरजही पडली नाही. गावाबाहेर कुणाला माहीतच नसल्यामुळे ती बोली वाचली, आणि आता शाळा, मोबाइल आणि मुंबईच्या नोकऱ्या आल्यावर माझ्या पिढीतल्या कितीतरी जणांनी ती मुलांना दिली नाही. माझ्या बाबांनीही मला दिली नाही. मुलीला वर्गात पुन्हा कुणी वळून बघू नये, एवढंच त्यांना हवं होतं. ते मला कळतं आणि तरी त्याचं मला दुःख आहे.

म्हणून लुझियाच्या तोंडी मी ती बोली घातलेली नाही. जी मला पुरती येत नाही ती सजावटीसाठी वापरणं मला बरोबर वाटलं नाही. फक्त एका ठिकाणी, तिच्या मुलीला झोपवताना, आत्याने मला शिकवलेल्या चार ओळी आहेत. त्या मी आत्याकडून पुन्हापुन्हा म्हणवून घेऊन लिहिल्या आहेत आणि त्यांचा अर्थ पानावर दिलेला नाही. कोर्लईतल्या वाचकाला तो कळेल. एखादं पान तरी असं असावं की जिथे त्यांना काही समजावून घ्यावं लागणार नाही आणि बाकीच्यांना थोडं बाहेर उभं राहावं लागेल.

आता दुसरा खर्डा सुरू आहे. १७४३ च्या सुमाराचं एक प्रकरण अजून उभं राहत नाही. पावसाळा संपल्यावर गोव्याहून नवा पाद्री येतो, लुझियाच्या मुलीचा बाप्तिस्मा करायचा असतो, आणि तो नोंदीसाठी बापाचं नाव विचारतो. तिथे धर्मबाप म्हणून कोण पुढे येतं यावर सगळं अडलंय. मी दोन तऱ्हांनी लिहून बघितलं. एकात गावचा म्हातारा गोलंदाज येतो, जो स्वतः कधीकाळी बाटलेला कुणबी आहे. दुसऱ्यात कुणीच येत नाही आणि पाद्री स्वतःचं आडनाव देतो. दुसरं जास्त खरं आहे असं मला वाटतं, पण पहिलं लिहिताना माझा हात अधिक मोकळा चालला. जुन्या नोंदवह्यांत अशा प्रसंगांचे आणखी नमुने वाचले की ठरेल.

त्यासाठी एक विनंती. चौल, रेवदंडा, कोर्लई, साळाव या भागातल्या कुणाच्या घरी जुने मोडी कागद असतील, खासकरून अठराव्या शतकातले सारापट्टीचे, कुणबिणींच्या खरेदीचे किंवा किल्ल्याच्या शिबंदीचे, तर मला बघायला आवडतील. मी घरी येऊन वाचेन, कागद हलवायची गरज नाही, आणि मोडीचं वाचन करून तुम्हाला बाळबोधीत उतरवून देईन. कोर्लईच्या मंडळींना वेगळं सांगत नाही. नाताळनंतर मी गावात आहेच, आत्याच्या घरी.